पाठमोरी बाई आणि तिचे चार शेवट

आयवालिक,
१४ ऑक्टोबर १९९१

प्रिय सुहेला,

शाळेतल्या धुणीघराच्या पायऱ्या तुला आठवतात का? शुक्रवारी मसुराचं सूप झालं की आपण तिथे बसून संत्री सोलायचो आणि साली झग्याच्या खिशात कोंबायचो. सिस्टर इन्यास कोपऱ्यावरून वळायच्या, काही न बोलता नाक वर करायच्या आणि आपले खिसे उलटे करायला लावायच्या. तू दर वेळी विचारायचीस, "यांना कळतं तरी कसं?" वास तुझ्या बोटांना यायचा, बाई. सगळ्या वर्गाला यायचा, फक्त तुला नाही. काल बाजारात हंगामातली पहिली संत्री मिळाली. सोलता सोलता तुला लिहायचं ठरवलं.

फोन का केला नाही ते आधी सांगते. वेज्दीदादा माझ्याकडे राहायला येऊन दोन वर्षं होत आली. काचबिंदूने त्याचे दोन्ही डोळे नेले. कान मात्र असे झालेत की मी स्वयंपाकघरात फोनवर कुजबुजले तरी तो वरून विचारतो, "कुणाला सांगतेस माझं?" पत्र त्याला वाचता येत नाही. म्हणून पत्र.

'लाल छत्री'ची निगेटिव्ह सापडली आहे. बेयोलूमधल्या एका बंद पडलेल्या लॅबच्या तळघरात डबे होते. दादाने दीडशेच्या वर सिनेमे केले. नेमके किती, ते त्यालाही सांगता येत नाही. सिनेमाकोशात दिलेला आकडा त्याला मान्य नाही, कारण त्यातले काही त्याचे नाहीत म्हणतो आणि काही त्याचे असून दिलेले नाहीत. त्यातले पंधरा-वीस उरले असतील. बाकीचे चांदी काढायला वितळवले आणि राहिलेल्या पट्ट्यांचे कंगवे केले. "अर्ध्या इझमीरच्या केसांतून माझे सिनेमे फिरलेत," दादा म्हणतो, "सत्कार कसला करता?"

आता सापडलं ते चित्र शाबूत आहे, पण आवाज नाही. तुला माहीतच आहे, आवाजाची निगेटिव्ह वेगळी असायची. ती कुठे गेली ते अल्लाला ठाऊक. विद्यापीठातली एक तरुण बाई आली होती, योंजा नावाची, केस कापलेले, पायात शिपायाचे बूट. मार्चमध्ये इस्तंबूलला दादाचा सत्कार करून सिनेमा दाखवायचा म्हणते. नायिकेचा आवाज टीव्ही मालिकांतल्या एका मुलीकडून भरून घेणार होते. दादाने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "मला दिसत नाही, मुली. माझ्यासाठी आता 'लाल छत्री' म्हणजे सुहेलाचा आवाज, बाकी काही नाही. दुसरीचा घालाल तर तो दुसऱ्याचा सिनेमा होईल." योंजाने विचारलं, मग सुहेला हानम कुठे असतात? तर म्हणाला, "तिला त्रास देऊ नका," आणि गार झालेला चहा पीत बसला.

डॉक्टर म्हणतात, हृदय थकलंय. पुढच्या वर्षीची ऑलिव्ह त्याच्या वाट्याला येतील की नाही सांगता येत नाही. जाण्याआधी त्याला तो सिनेमा एकदा तुझ्या तोंडून ऐकायचा आहे. तो मागणार नाही. म्हणून मी मागते.

त्याने आपल्या नायिकेशी, मेहपारेशी, लग्न केल्यावर तू त्याचं काम सोडलंस, हे मी कधी तुझ्यापाशी काढलं नाही. तुझ्या जागी मीही तेच केलं असतं. पण मेहपारेही गेली आता. एवढं कर.

तुझी,
बेदिया


मोदा, इस्तंबूल,
२७ ऑक्टोबर १९९१

प्रिय बेदिया,

साली अजून खिशातच जातात, आता हिवाळी कोटाच्या. कसर लागत नाही.

आवाज म्हातारा होत नाही असं लोक म्हणतात. अशा लोकांना कवळी नसते. माझी 'स' म्हणताना शिट्टी वाजते आणि 'लाल छत्री'तली मुलगी बावीस वर्षांची आहे. त्या मालिकेतल्या पोरीला घ्या. मी टीव्हीवर ऐकलंय तिला, रडते बरी.

पण एक गोष्ट दुरुस्त करायला हवी. मी काम सोडलं नाही. मला बोलावणं बंद झालं. 'लाल छत्री'नंतरच्या सिनेमाची तारीख विचारायला गेले तर हायरी म्हणाला, "उस्तादांनी नवा आवाज घेतलाय, सुहेला हानम. मला विचारू नका, मी फक्त वाक्यं सांगतो." हायरी तुला आठवत असेल. शूटिंगला आवाज घेत नसत आणि नटांना पाठांतर नको असायचं. मग हायरी कॅमेऱ्यामागे उभा राहून मोठ्याने सांगायचा, "आता म्हण, माझी आई आंधळी आहे. आता वळ. आता रड." नट म्हणायचे, वळायचे, रडायचे. त्यांच्या तोंडात शब्द आम्ही नंतर घालायचो, शेगड्या बनवणाऱ्याच्या दुकानावरच्या त्या खोलीत. चौघे एका माइकभोवती, भिंतींवर गालिचे. आमचं काम चालू झालं की खाली शेगडीवाल्याच्या डोक्यावरचा दिवा लागायचा आणि तो हातोडी खाली ठेवायचा. माझ्या आवाजावर मेहपारेने तीस-एक सिनेमे केले. तिचा स्वतःचा आवाज सिवासच्या बाजारात भाजी विकणाऱ्यासारखा खणखणीत होता. मला आवडायचा.

तिच्यावर माझा राग नव्हता. तेव्हाही नव्हता. काय झालं ते सांगते, म्हणजे तू उगाच माझी दया करणार नाहीस.

वेज्दीच्या प्रत्येक सिनेमात नायिका शेवटचं वाक्य पाठमोरी बोलते, हे तुझ्या लक्षात आलं असेल. कारण साधं होतं. शेवट काय ठेवायचा हे वितरक ठरवायचे आणि प्रत्येक विभागाचं मागणं वेगळं. अदानाला सूड लागायचा. इझमीरला लग्न. सामसुनला आई. ओठ दिसले नाहीत की एकाच पाठीवर तीन शेवट बसायचे. 'लाल छत्री'त ती बंदरावर उभी आहे, अग्निशामक दलाच्या नळाचा पाऊस पडतोय, हातात छत्री, जी खरं तर निळी होती, काळ्या-पांढऱ्यात कुणाला कळतं. तो तुरुंगातून सुटून आलाय आणि विचारतो, "मी परत येऊ का?" अदानासाठी मी म्हटलं, "माझ्या भावाचं रक्त वाळू दे आधी." इझमीरसाठी, "मी रोज इथेच उभी होते." सामसुनसाठी, "आधी आईचा हात कपाळाला लाव."

पण हे तिन्ही नंतर. त्याच्या आदल्या दिवशी वेज्दीने सगळ्यांना चहाला पाठवलं. नायकाला आवाज देणारेही गेले. मला म्हणाला, "इथे मी काही लिहिलेलं नाही, सुहेला. इस्तंबूलच्या प्रतीसाठी तू म्हणशील ते." नायकाचा प्रश्न त्याने स्वतःच माइकवर विचारला. मी पडद्याकडे पाहिलं. ती ओली पाठ, मागे लागणारी बोट. तिथे कुठलंही वाक्य चिकटवलं असतं तरी ती पाठ मेली असती. मी एक श्वास घेतला, माइकपासून जरा दूर, आणि गप्प राहिले. मला वाटलं, आयुष्यातलं सर्वांत चांगलं काम आज झालं. रेकॉर्डिंगचा दिवा विझला. वेज्दीने टोपी घातली, "ठीक," म्हणाला आणि जिना उतरून गेला. त्यानंतर त्याने मला बोलावलं नाही. त्याला वाक्य हवं होतं आणि मी हवा दिली, एवढंच मला समजलं. दिग्दर्शकांचं असं असतं.

तेव्हा माझ्या आवाजाची त्याला गरज आहे, हे काही मला पटत नाही.

तुझी,
सुहेला


आयवालिक,
९ नोव्हेंबर १९९१

प्रिय सुहेला,

तुझं पत्र मी तीनदा वाचलं आणि मग ऑलिव्हची टोपली घेऊन दादासमोर बसले. हिरवी ऑलिव्ह दगडाने फोडायचं काम तो हाताच्या अंदाजाने करतो, माझ्यापेक्षा चांगलं. आमचं बोलणं झालं ते जसंच्या तसं देते. मला त्यात काही घालायचं धाडस नाही.

मी म्हटलं, "दादा, तू सुहेलाला का काढलंस?"

"मी नाही काढलं. तिने मला नाही म्हटलं."

"केव्हा?"

"'लाल छत्री'त."

मला वाटलं, औषधाची गुंगी असेल. "तू विचारलंस काय तिला?"

"मी परत येऊ का, म्हणून. दोनदा विचारलं. पहिल्यांदा आवाज घोगरा निघाला, म्हणून पुन्हा घेतलं."

"अरे, तो सिनेमातला प्रश्न होता."

"मग दुसरे कुठले प्रश्न होते माझ्याकडे?" दगड बाजूला ठेवून म्हणाला, "वर्षाला दहा-बारा सिनेमे करत होतो, बेदिया. सकाळी एका घराच्या जिन्यावर एक बाई मरायची, दुपारी त्याच जिन्यावर दुसरी नवरी होऊन उतरायची. घरी यायचो ते झोपायला. बोलायचो ते माइकवर. तिलाही माइकवरच ऐकलं होतं, दहा वर्षं. शाळेच्या फाटकाशी तुला न्यायला यायचो, तेव्हा जेवणघरात संतांच्या गोष्टी वाचून दाखवायची ती, तेवढं सोडलं तर. मी सगळ्यांना चहाला पाठवलं. नायकाचा आवाजही मी दिला. अजून किती सांगायचं माणसाने?"

"आणि ती काय म्हणाली?"

"श्वास घेतला आणि गप्प बसली. सभ्य बाई. अपमान न करता नाही म्हणाली. मला समजलं."

मग त्याने पुन्हा दगड उचलला. थोड्या वेळाने म्हणाला, "मेहपारेशी लग्न केलं ते त्याच आवाजासाठी. पहिल्याच सकाळी न्याहारीला ती म्हणाली, मीठ द्या. मी मान वर करून बघितलं, कोण बोललं म्हणून."

सुहेला, मी स्वतःला वेगळंच सांगत आले इतकी वर्षं. मला वाटायचं तो बेइमान आणि तू रुसलेली. तुम्ही दोघंही नुसती कामात होता.

योंजाने तिचा निबंध पाठवलाय, तोही वाचून दाखवला. त्यात आहे की वेज्दी तुनाली यांच्या सिनेमातली पाठमोरी स्त्री म्हणजे व्यवस्थेला दिलेला मूक नकार. दादा हसता हसता खोकला. "नकार कसला, अदानाचा वितरक आहे तो," म्हणाला. मग गंभीर झाला. "एका सिनेमात मात्र पोरीचं बरोबर आहे."

त्याला खरं काय ते मी सांगितलेलं नाही. ते माझं नाही सांगायचं.

तुझी,
बेदिया


मोदा,
२० डिसेंबर १९९१

प्रिय बेदिया,

उत्तराला उशीर झाला. दोन पत्रं लिहून फाडली.

तुझं पत्र मी कादिकोयला जाणाऱ्या बोटीवर उघडलं आणि इतकी हसले की शेजारच्या बाईंनी मला पाणी दिलं. त्यांना वाटलं ठसका लागला. पाणी प्यायले आणि उतरायचं विसरले. बोट पुन्हा पलीकडे गेली. खलाशी म्हणाला, "आजी, तुम्ही आमच्याबरोबरच राहता का आता?"

वाईट वाटलं का, असं तू विचारशील. नीट सांगता येणार नाही. तुझ्या नावाचं पार्सल कुठल्याशा स्टेशनात पडून होतं असं कुणीतरी सांगावं, आणि ते स्टेशनच पाडलेलं असावं, तसं काहीतरी. रिफातबरोबर माझे दिवस चांगले गेले. तो औषधाच्या दुकानातून घरी यायचा आणि मला काय हवंय ते न विचारताच—

ही ओळ खोडते. रिफात जे विचारायचं ते सरळ विचारायचा. "चहा घेणार? माझ्याशी लग्न करणार?" दोन्ही एकाच दुपारी विचारलं होतं. मी दोन्हीला हो म्हटलं. त्याच्या जागी कुणी दुसरा असता तर बरं झालं असतं, असं मला एक दिवसही वाटलं नाही. हे खरं आहे आणि ते खरं राहू दे.

दुसरंही एक खरं आहे. ते तुला लिहिते, त्याला वाचून दाखवू नकोस. शेगडीवाल्याच्या समोर खिरीचं दुकान होतं. डबिंग संपलं की वेज्दी आम्हा सगळ्यांना तिथे न्यायचा, माझ्या वाटीवर स्वतः दालचिनी घालायचा आणि उद्याच्या तुकड्यांबद्दल बोलत बसायचा. तिथे विचारलं असतं, दालचिनी घालता घालता, तर मी हो म्हटलं असतं. मी वाट पाहत होते असं नाही. पण हो म्हटलं असतं. त्याने मला दुसऱ्या बाईच्या पाठीमागून विचारलं, माइक चालू असताना. माइक चालू असला की मी सुहेला नसायचे, बेदिया. ती माझी कामाची पद्धत होती आणि मला तिचा अभिमान होता.

योंजाला फोन केला. जानेवारीच्या शेवटी खोली मिळते म्हणाली. माझ्या कवळीचं सांगितलं तर म्हणाली, यंत्राने आवाज तरुण करता येतो. मी म्हटलं, आधी तोंड तर उघडू दे.

तुझी,
सुहेला


आयवालिक,
११ जानेवारी १९९२

प्रिय सुहेला,

घाईत लिहिते. नवं वर्ष लागलं आणि दादाच्या छातीत पाणी झालं. दवाखान्यातून घरी आणलाय, पण अंथरुणाला खिळला आहे. मार्चमध्ये इस्तंबूलला येणं होणार नाही. योंजाला कळवलंय. ती म्हणाली, सिनेमाचा सगळा आवाज कॅसेटवर उतरवून इथे पाठवेल, म्हणजे त्याला सत्काराआधीच ऐकता येईल. जमेल तितकं लवकर करा.

तुझं पत्र त्याला वाचून दाखवलं नाही, शपथ. पण पाकीट टेबलावर राहिलं होतं. त्याने हाताने चाचपलं, नाकाशी नेलं आणि म्हणाला, "संत्री." तुझ्या बोटांना अजून येतो गं वास.

तू होकार दिलास एवढं मात्र सांगितलं. मग एकेक विचारायला लागला. खाली शेगडीवाला आहे का? हायरी जिवंत आहे का? असेल तर त्याला बोलवा, वाक्यं तोच सांगेल. मायक्रोफोन फार जवळ ठेवू नका, सुहेला 'प' जोरात म्हणते. मला वाटलं, हा आता उठून टोपी शोधणार.

योंजाने फोनवर विचारलं, शेवटचं वाक्य कुठलं घ्यायचं? अदानाचं, इझमीरचं, सामसुनचं की गप्प राहायचं? मी फोन त्याच्या कानाला लावला. त्याने ऐकलं आणि सांगितलं, "ते वाक्य माझं नाही. ज्या बाईचं आहे तिला विचारा."

तुझी,
बेदिया


मोदा,
१६ फेब्रुवारी १९९२

प्रिय बेदिया,

झालं काम.

खोली चौथ्या मजल्यावर आहे, काचेची, आणि इतकी निःशब्द की मला माझी कवळी ऐकू येत होती. खाली शेगडीवाला नाही, मोटारी ठेवायची जागा आहे. एकदा तर मी सवयीने थांबले, तो हातोडी खाली ठेवेल म्हणून.

हायरी आला होता. ऐंशीच्या पुढे आहे, कोट इस्त्रीचा, हॅट हातात. त्याची काही गरज नव्हती, वाक्यं माझ्यासमोर टाइप केलेली होती. तरी तो माझ्या मागे उभा राहिला आणि हळू आवाजात सांगत राहिला, "आता वळते. आता रडते, पण थोडंच, सुहेला हानम, मेहपारेला नाक लाल झालेलं आवडायचं नाही." योंजा पहिल्यांदा चिडली. मग तिने त्याच्यासाठी खुर्ची आणली.

आवाज तरुण करायचं यंत्र त्यांनी लावून पाहिलं. मी एखाद्या परकराच्या आतून बोलतेय असं वाटत होतं. योंजाने ते बंद केलं आणि मूळ आवाजावर पहिलं रीळ पुन्हा चालवलं. बावीस वर्षांची मेहपारे गल्लीतून पळत येते आणि माझा हा आवाज तिच्या तोंडून निघतो. मला हसू आलं. योंजा हसली नाही. म्हणाली, "राहू द्या. ही बाई म्हातारपणी स्वतःचा सिनेमा आठवतेय असं वाटतं." तिच्या निबंधापेक्षा ती हुशार आहे.

पाठ आली शेवटी. ती ओली पाठ, मागे बोट. योंजाने विचारलं, काय म्हणणार? मी म्हटलं, इस्तंबूलच्या प्रतीत जे होतं तेच. श्वास घेतला, माइकपासून जरा दूर. माझं मत बदललेलं नाही, बेदिया. सिनेमासाठी तेच बरोबर आहे. मार्चमध्ये लोक तेच ऐकतील.

मग मी सगळ्यांना चहाला पाठवलं. योंजालाही. हायरी दार ओढून घेताना म्हणाला, "उस्तादही असंच करायचे." त्याला माहीत होतं की नाही, कोण जाणे. यंत्र चालवणाऱ्या मुलीला मात्र थांबवावं लागलं, मला ते येत नाही. तिने कानांवरचे हेडफोन काढून ठेवले.

सोबत तीन कॅसेट आहेत. दोनवर सिनेमा आहे. तिसरीवर फक्त शेवटचा तुकडा आहे, आणि वर विभागाचं नाव घातलंय, जुन्या पद्धतीप्रमाणे. वितरकाकडे नीट पोचव.

तुझी,
सुहेला


आयवालिक,
४ मार्च १९९२

प्रिय सुहेला,

तार मिळाली असेल. दादा शुक्रवारी गेला, दुपारच्या नमाजाच्या सुमारास. त्रास झाला नाही. दुसऱ्या दिवशी त्याला टेकडीवरच्या पाइनच्या झाडांखाली ठेवून आलो. रांगेने माणसं आली, शेजारची, बाजारातली, आणि ज्यांना मी ओळखत नाही अशी. एक म्हातारी मला म्हणाली, "माझ्या लग्नाच्या आठवड्यात मी यांच्या सिनेमाला तीनदा रडले." कुठला सिनेमा, ते तिला सांगता आलं नाही. त्याला ते आवडलं असतं.

कॅसेट त्याच्या आधीच्या शनिवारी पोचल्या. पहिल्या दोन त्याने बसून ऐकल्या, पाठीशी उशा घेऊन. मधूनमधून मला सांगत होता, "आता ती जिन्यावर आहे. आता तिच्यामागे मांजर आलं, ते ठरवलेलं नव्हतं." सगळं दिसत होतं त्याला. श्वासाशी आला तेव्हा नुसती मान हलवली. "बरोबर आहे," म्हणाला, "सिनेमासाठी हेच बरोबर आहे." तुझंच वाक्य, आणि तुझं पत्र मी त्याला वाचून दाखवलेलं नव्हतं.

मग मी तिसरीचं सांगितलं. त्याने विचारलं, "वर काय लिहिलंय?"

"विभाग, आयवालिक."

"तिथला वितरक कोण?"

"मी."

"मग लाव आणि बाहेर जा. वितरकाला आत बसू देत नाहीत."

मी बाहेर गेले. दार लागत नाही ते नीट, तुला ठाऊक आहे. आधी नायकाला आता आवाज दिलेल्या नटाचा आवाज आला, "मी परत येऊ का?" मग तुझा. तू म्हणालीस, "ये. छत्री एकच आहे, पण मोठी आहे."

मी जिन्यात उभी होते. वाटलं, मागे घेऊन पुन्हा लावेल. लावली नाही. बऱ्याच वेळाने हाक मारली. चेहरा पुसून बसला होता. म्हणाला, "पहिल्याच फटक्यात बरोबर आलंय. पुन्हा घ्यायची गरज नाही."

मंगळवारी त्याने मला कागद घ्यायला लावला. तुझ्या नावाने सांगितलंय, म्हणून तुझ्याकडे जसंच्या तसं पाठवते. कंसातलं माझं आहे.

तुझी,
बेदिया


सुहेला हानम,

पत्र लिहायची मला सवय नाही, पटकथा लिहायची आहे, तेव्हा वर्णनं वगळतो. हे माझ्यामागे तू आणि बेदियाने मिळून करायचं.

टोपी हायरीला द्यावी. त्याला मोठी होईल, आत वर्तमानपत्र घालावं.

घडीची खुर्ची योंजाला. अट एकच, पाठमोऱ्या बाईवर पुन्हा लिहिलंच तर त्यात अदानाच्या वितरकाचे आभार मानावेत.

मेहपारेचा तो मोठा फोटो सिवासला तिच्या भाचीकडे पाठवावा. आत्याचा आवाज फार गोड होता असं ती सगळ्यांना सांगते. तिला सांगू द्यावं.

रेडिओ बेदियाला. (तो माझाच आहे.) बेदिया म्हणते, तो तिचाच आहे. मग तिला माझा काचेचा चहाचा पेला द्यावा, ज्याला ती फुटका म्हणते. (फुटकाच आहे. ठेवला आहे.)

पहिल्या दोन कॅसेट विद्यापीठाला. तिसरी आयवालिकबाहेर जाऊ देऊ नये. दुसऱ्या विभागांतून मागणी आली तरी नाही.

छत्री माळ्यावर आहे, चादरीत गुंडाळून. ती सुहेलाला. निळी आहे, हे तिला माहीत आहे. जपून ठेवायची नाही, पावसात न्यायची. एकच आहे, पण मोठी आहे.

वेज्दी